नवजात बाळाच्या ॲनिमियाचा कोड पुन्हा पुन्हा चुकतोय? आधी हे तपासा

एनआयसीयूमधून, म्हणजे नवजात बाळांच्या अतिदक्षता विभागातून, आलेली डिस्चार्ज समरी. निदानाच्या रकान्यात एकच ओळ: "प्रीटर्म, एलबीडब्ल्यू, जॉन्डिस, ॲनिमिया." म्हणजे मुदतीआधी जन्म, कमी जन्मवजन, कावीळ, रक्त कमी. निदानाला वर्गीकरणातला कोड देणारा कोडर शोधपट्टीत "ॲनिमिया" टाइप करतो. यादीत सगळ्यात वर डी६४.९ येतो, म्हणजे अनस्पेसिफाइड ॲनिमिया. क्लिक होतं, फाईल बंद होते. काही दिवसांनी ती ऑडिटमधून परत येते: "नवजात रुग्ण, कोड तपासा." कोडर डी६४.९ काढून पी६१.४, म्हणजे इतर जन्मजात ॲनिमिया, टाकतो. फाईल पुन्हा परत येते, कारण बाळाला दिलेलं रक्त आणि हा कोड यांचा मेळ बसत नाही.

मी अनेक वर्षं नवजात विभागाच्या फाईली कोड करते. हा घोळ माझ्याकडून झालाय आणि नव्या सहकाऱ्यांच्या हातूनही जवळपास त्याच जागी होताना पाहिलाय. दर वेळी एक कोड बदलून फाईल पुढे ढकलली, तर तीच चूक पुढच्या फाईलमध्ये असतेच. म्हणून ती कुठून येते ते इथे सविस्तर लिहिते. खालचे कोड आयसीडी-१०चे, म्हणजे जागतिक आरोग्य संघटनेच्या आजार-वर्गीकरणाचे, आहेत. अमेरिकेतल्या क्लिनिकल मॉडिफिकेशनमध्ये, म्हणजे सीएममध्ये, जिथे फरक पडतो तिथे तसं सांगते.

चूक कुठे सुरू होते

शोधपट्टीला बाळाचं वय ठाऊक नसतं. "ॲनिमिया" हा शब्द तिला थेट तिसऱ्या प्रकरणात नेतो, म्हणजे रक्ताच्या आजारांच्या डी५० ते डी८९ या गटात. नवजात बाळाच्या ॲनिमियाचं घर बहुतेक वेळा तिथे नसतं, ते सोळाव्या प्रकरणात असतं. पी०० ते पी९६ हे कोड प्रसूतीच्या आगेमागे उगम पावलेल्या स्थितींसाठी आहेत. तिसऱ्या प्रकरणाच्या सुरुवातीलाच एक्सक्लूड्सची, म्हणजे इथे काय कोड करायचं नाही ते सांगणारी, टीप आहे आणि तिच्यात या पेरिनेटल स्थितींचा उल्लेख आहे. पण शोधपट्टीतून आलेला माणूस प्रकरणाचं पहिलं पान उघडतच नाही.

त्यामुळे पहिला प्रश्न "ॲनिमियाचा कोड कोणता?" हा नसावा. "या बाळाचा ॲनिमिया उगवला कधी?" असा विचारावा. जन्माआधी, जन्मताना, की नंतर? हे कळलं की निम्मं काम होतं. उरलेलं निम्मं म्हणजे कारण.

इथे वयाचा एक गैरसमज फार त्रास देतो. बाळ ५२ दिवसांचं आहे, २८ दिवस उलटून गेलेत, म्हणून पी कोड चालणार नाही असं अनेकांना वाटतं. तसं नाही. सोळावं प्रकरण स्थितीचा उगम पाहतं, आजचं वय नाही. उगम पेरिनेटल काळातला असेल, तर आजार किंवा मृत्यू नंतर घडला तरी कोड याच प्रकरणातला लागतो. अठ्ठाविसाव्या आठवड्यात जन्मलेलं बाळ सातव्या आठवड्यात रक्त देण्यासाठी पुन्हा भरती झालं आणि डॉक्टरांनी "ॲनिमिया ऑफ प्रीमॅच्युरिटी", म्हणजे मुदतपूर्व जन्मामुळे झालेला ॲनिमिया, लिहिलं, तर कोड पी६१.२. उलट तेच बाळ पाचव्या महिन्यात लोहाच्या कमतरतेने फिकं पडलं आणि डॉक्टरांनी तसं निदान केलं, तर तो डी५०च्या गटातला आजार. मुदतपूर्व जन्माचा इतिहास आहे म्हणून तिथे पी६१.२ चिकटवायचा नाही.

पी६१.२ : सगळ्यात जास्त वापरला जाणारा, आणि सगळ्यात जास्त सुटणारा

मुदतीआधी जन्मलेल्या बाळाचं रक्त कमी का होतं हे कोडरला थोडं ठाऊक असलं, तर फाईल वाचताना नजर बरोबर जागी जाते. पूर्ण दिवसांच्या नवजात बाळाच्या तांबड्या पेशी साधारण ६० ते ९० दिवस जगतात, मुदतपूर्व बाळाच्या ३५ ते ५० दिवसच. त्यात एरिथ्रोपोएटिन हे तांबड्या पेशी बनवायला लावणारं संप्रेरक पुरेसं तयार होत नाही. वर रोजच्या तपासण्यांसाठी रक्त काढलं जातं. एक किलोच्या बाळाच्या अंगात एकूण रक्त असतं ९० ते १०० मिलिलिटर. आठवडाभरात गॅस, साखर, बिलिरुबिन, कल्चर यांसाठी मिळून दहा मिलिलिटर काढलं, तर त्या बाळाचं दहावा हिस्सा रक्त प्रयोगशाळेत गेलं. परिचारिकांच्या नोंदवहीत "०.५ मि.लि. घेतलं" अशा ओळी दिसतात ना, त्या मी बेरीज करून पाहते. कोड त्यावरून ठरत नाही, पण डॉक्टरांना विचारायचा प्रश्न त्यावरून सुचतो.

पूर्ण दिवसांच्या बाळातही ८ ते १२ आठवड्यांच्या सुमाराला हिमोग्लोबिन आपोआप उतरतं. हा शरीराचा नेहमीचा क्रम आहे, आजार नाही. त्यासाठी कोड शोधत बसू नका. मुदतपूर्व बाळात हा उतार लवकर येतो आणि जास्त खोल जातो. त्याची दखल घेऊन डॉक्टरांनी निदान लिहिलं, तपासण्या केल्या, लोह किंवा रक्त दिलं, की ती नोंद करण्याजोगी स्थिती होते.

पी६१.२ एकटा पाठवला की फाईल अर्धवट राहते. सोबत जन्मवजनाचा आणि गर्भकालाचा कोड हवा. एक उदाहरण घेऊ. ३० पूर्ण आठवड्यांचं, १३२० ग्रॅमचं, सिझेरियनने त्याच रुग्णालयात जन्मलेलं बाळ. सीएममध्ये जन्माच्या भरतीला झेड३८.०१ हा जन्माचा कोड पहिला, मग वजनासाठी पी०७.१५, मग आठवड्यांसाठी पी०७.३३, मग पी६१.२. वजन आधी, आठवडे नंतर, हा क्रम सीएमने स्पष्ट सांगितलाय. मूळ आयसीडी-१०मध्येही दोन्ही माहिती असेल तर प्राधान्य जन्मवजनाला. बाळ दुसऱ्या रुग्णालयातून आलं असेल तर झेड३८ लावायचा नाही, तो जन्मस्थळाच्या नोंदीत एकदाच येतो.

रक्त आईकडे गेलं, आणि कोड भलतीकडे

या भागात सगळ्यात जास्त चुका होतात, म्हणून इथे जरा थांबते.

समजा, बाळ जन्मतःच पांढरंफटक आहे. रडतंय, पण रंग नाही. पहिलं हिमोग्लोबिन ६.८. आईने दोन दिवस हालचाल कमी जाणवत असल्याचं सांगितलेलं. बाळाला तातडीने रक्त चढवलं. समरीत लिहिलं: "सिव्हियर ॲनिमिया, फीटोमॅटर्नल हेमरेज." अशी फाईल माझ्याकडे आली तेव्हा तिच्यावर दोन कोड होते: डी६२, म्हणजे रक्तस्रावानंतरचा तीव्र ॲनिमिया, आणि पी५०.४, म्हणजे गर्भाचं रक्त आईच्या रक्ताभिसरणात जाणं. वाचायला दोन्ही बरोबर वाटतात. "रक्त गेलं" आणि "रक्त कमी झालं" अशी सरळ मांडणी आहे.

दोन्ही चुकीचे आहेत, आणि दोन्ही का चुकीचे ते त्या त्या कोडखालीच लिहिलेलं आहे. डी६२ उघडा, खाली एक्सक्लूड्स : गर्भावस्थेतल्या रक्तहानीमुळे झालेला जन्मजात ॲनिमिया, पी६१.३. पी५० उघडा, तिथेही एक्सक्लूड्समध्ये तोच पी६१.३. दोन्ही रस्ते एकाच दाराशी येतात. सीएममध्ये ही एक्सक्लूड्स-१ टीप आहे, म्हणजे दोन कोड एकत्र लावायचे नाहीत. रक्त गेलं पण ॲनिमियाचं निदान नाही, तेव्हा पी५०. रक्त गेलं आणि त्यातून ॲनिमिया झाला, तेव्हा पी६१.३.

या नियमाची एक बाजू मला आजही खटकते. पी६१.३ लावला की रक्त नेमकं कुठे गेलं हे कोडमधून पुसलं जातं. आईकडे गेलं, वारेतून गेलं, व्हासा प्रीव्हियामुळे (गर्भाच्या रक्तवाहिन्या गर्भाशयाच्या तोंडावरून गेल्यामुळे) गेलं की जुळ्या भावंडाकडे गेलं, हे पी५०च्या पोटकोडांत वेगवेगळं दिसतं, पी६१.३मध्ये नाही. म्हणून मी डॉक्टरांना आग्रहाने सांगते की निदानाच्या ओळीत कारण शब्दांत असू द्या. आई आरएच निगेटिव्ह असेल, तर बाळाचं किती रक्त तिच्याकडे गेलं यावर तिला द्यायच्या अँटी-डीचा, म्हणजे तिच्यात आरएचविरोधी प्रतिपिंडं तयार होऊ न देणाऱ्या इंजेक्शनचा, डोस ठरतो. ३०० मायक्रोग्रॅमचा डोस साधारण ३० मिलिलिटर गर्भरक्तापुरता असतो. पुढच्या बाळंतपणात ही ओळ कुणीतरी शोधणार आहे.

पुरावा कुठे सापडतो? बहुधा आईच्या फाईलमध्ये. क्लायहाउअर-बेटके तपासणी आईच्या रक्तावर होते. स्लाइडवर आम्लाने प्रौढ हिमोग्लोबिन निघून जातं, आईच्या पेशी फिक्या सावल्यांसारख्या उरतात आणि गर्भाच्या पेशी गडद गुलाबी दिसतात. त्या मोजतात. अहवाल आईच्या नावाने येतो, म्हणून बाळाची फाईल वाचणाऱ्याला तो दिसतच नाही. तो मागवून घ्या. पण त्यावरून बाळाला परस्पर कोड लावू नका, अहवालाचा हवाला देऊन बाळाच्या डॉक्टरांना विचारा.

प्रसूतीच्या वेळी टाळूवरच्या थरात मोठा रक्तस्राव झाला असेल, म्हणजे सबगॅलियल हेमरेज, तर त्याचा स्वतःचा कोड पी१२.२ विसरू नका. ॲनिमियाच्या गडबडीत मूळ इजाच सुटते.

जुळ्यांच्या फाईली शेजारी ठेवून वाचा

जुळी बाळं, एक फिकं, दुसरं लालबुंद. एकाच वारेतून एकाचं रक्त दुसऱ्याकडे गेलेलं. दात्या बाळाला ॲनिमिया, घेणाऱ्याला पॉलिसायथीमिया, म्हणजे तांबड्या पेशींचा अतिरेक, कोड पी६१.१. दोघांच्या समऱ्या एकाच माणसाने, एकीची नक्कल करून लिहिलेल्या असतात. मी एकदा दोन्ही फाईली एकमेकींशेजारी ठेवल्या, तेव्हा "ट्विन टू"च्या निदानात ॲनिमिया होता आणि हिमॅटोक्रिट, म्हणजे रक्तातलं तांबड्या पेशींचं प्रमाण, होता ६८ टक्के. नाव, वजन, रंग सगळं दुसऱ्या बाळाचं, निदान पहिल्याचं. अशा वेळी कोड बदलू नका, समरी दुरुस्त करून घ्या. तोवर दोन्ही फाईली थांबवा. रक्त काढायचं बाळ आणि रक्त चढवायचं बाळ नोंदीत एकमेकांच्या जागी असणं ही साधी चूक नाही.

रक्तगटाचा विसंवाद : कूम्ब्स पॉझिटिव्ह म्हणजे आजार नव्हे

आई ओ, बाळ ए किंवा बी, डीसीटी, म्हणजे बाळाच्या पेशींवर प्रतिपिंडं चिकटली आहेत का हे पाहणारी कूम्ब्स तपासणी, पॉझिटिव्ह. समरीत "एबीओ सेटिंग", म्हणजे रक्तगट न जुळण्याची परिस्थिती, असं दोन शब्दांत लिहिलेलं. कोडर पी५५.१ लावून मोकळा होतो. पण पी५५ हा गट रक्तपेशी फुटण्याच्या आजाराचा आहे, नुसत्या गट जुळत नसल्याचा नाही. बाळाच्या पेशी खरंच फुटत होत्या का, हे डॉक्टरांनी लिहायला हवं. बिलिरुबिन वाढलेलं, रेटिक्युलोसाइट (कोवळ्या तांबड्या पेशी) वाढलेले, हिमोग्लोबिन उतरतंय, हे सगळं तुम्हाला दिसत असेल आणि निदानात फक्त "सेटिंग" असेल, तर प्रश्न पाठवा.

निदान लिहिलेलं असेल तर आरएचसाठी पी५५.०, एबीओसाठी पी५५.१. या आजारातून ॲनिमिया झाला असेल, तरी त्यासाठी वेगळा पी६१.४ जोडू नका.

आरएचच्या बाळांमध्ये आणखी एक फाईल हमखास चुकते. बाळाची कावीळ उतरली, घरी गेलं, आणि चौथ्या-पाचव्या आठवड्यात हिमोग्लोबिन ७ घेऊन परत आलं. बिलिरुबिन ठीक, म्हणून रक्तगटाचा विचार कुणाच्या डोक्यात येत नाही आणि डी६४.९ लागतो. आईकडून आलेली प्रतिपिंडं कित्येक आठवडे बाळाच्या रक्तात राहतात आणि पेशी फोडत राहतात. डॉक्टरांनी "लेट ॲनिमिया, आरएच आयसोइम्युनायझेशन" लिहिलं असेल, तर तो पी५५.०च.

पी६१.४ला कचऱ्याचा डबा करू नका

ऑडिटच्या शेऱ्यानंतर डी६४.९ काढून पी६१.४ टाकायची सवय फार पसरलेली आहे. पी६१.४ म्हणजे इतरत्र न वर्गीकृत केलेले इतर जन्मजात ॲनिमिया. "इतरत्र न वर्गीकृत" हे शब्द महत्त्वाचे. ज्याला नाव आहे, त्याचं घर इतरत्र आहेच. जी६पीडीच्या कमतरतेचा ॲनिमिया डी५५.०, आनुवंशिक स्फेरोसायटोसिस डी५८.०, अल्फा थॅलेसीमिया डी५६.०, डायमंड-ब्लॅकफॅन डी६१.०, सीएममध्ये डी६१.०१. हे आनुवंशिक आजार आहेत, बाळ तीन दिवसांचं असलं तरी कोड तिसऱ्या प्रकरणातलाच. म्हणजे "नवजात आहे, तर पीच हवा" हा नियमही आंधळेपणाने चालत नाही.

आईचा ॲनिमिया बाळाच्या नावावर

सॉफ्टवेअर मजकूर वाचून कोड सुचवतं अशा ठिकाणी ही चूक वाढली आहे. समरीच्या इतिहासात ओळ असते: "मदर ॲनिमिक, दोनदा आयर्न इन्फ्युजन." यंत्राला "ॲनिमिक" सापडतं, ते बाळाला ॲनिमियाचा कोड सुचवतं, आणि घाईत कुणीतरी तो मान्य करतं. बाळाचं हिमोग्लोबिन १७. आईचे ओ अक्षराने सुरू होणारे, म्हणजे गर्भारपण आणि प्रसूतीचे कोड बाळाच्या फाईलवर कधीच येत नाहीत आणि बाळाचे पी कोड आईच्या फाईलवर येत नाहीत. ही भिंत पाडायची नाही. सुचवलेला कोड स्वीकारण्याआधी तो शब्द मजकुरात कुणाबद्दल आलाय ते वाक्य वाचा. दहा सेकंदांचं काम आहे.

तसंच प्रयोगशाळेचा आकडा. हिमोग्लोबिन ९.१ तुम्हाला दिसतंय, पण डॉक्टरांनी निदान लिहिलेलं नाही. आकड्यावरून कोड लावायचा नाही. आकडा कमी आहे आणि रक्तही दिलंय, तर ते प्रश्न विचारण्याचं कारण आहे.

प्रश्न कसा विचारायचा

"ॲनिमिया ऑफ प्रीमॅच्युरिटी लिहू का?" असं विचारू नका. असा प्रश्न उत्तर हातात देतो, आणि घाईतले डॉक्टर "हो" म्हणतात. मी असं लिहिते:

"बाळ, जन्म ३१ आठवडे, वय १९ दिवस. हिमोग्लोबिन जन्मतः १५.२, काल ८.४. रेटिक्युलोसाइट १ टक्का. डीसीटी निगेटिव्ह. पीआरबीसी (तांबड्या पेशी) १५ मि.लि. प्रति किलो दिलं. समरीत 'ॲनिमिया' एवढंच आहे. आपल्या मते कारण काय : मुदतपूर्व जन्म, तपासण्यांसाठी काढलेलं रक्त, रक्तपेशी फुटणं, गर्भावस्थेतली रक्तहानी, अन्य काही, की सांगता येत नाही?"

शेवटचे दोन पर्याय नेहमी ठेवा. डॉक्टरांना आपल्या यादीत कोंबायचं नाही. प्रश्नाचं उत्तर फोनवर मिळालं तरी ते नोंदीत लिहून, सहीसह यायला हवं. तोंडी उत्तरावर लावलेला कोड पुढच्या ऑडिटला टिकत नाही, आणि टिकूही नये.

पुन्हा होऊ नये म्हणून

आम्ही तीन बदल केले. शोधपट्टीच्या "नेहमीचे" यादीतून नवजात विभागासाठी डी६४.९ काढून टाकला. लागलाच तर मुद्दाम शोधून लावावा लागेल. समरीच्या साच्यात ॲनिमियासमोर "कारण" असा मोकळा रकाना जोडायला डॉक्टरांना पटवलं. याला वेळ लागला, पण एका वरिष्ठ डॉक्टरांनी तो भरायला सुरुवात केली आणि बाकीचे आपोआप भरू लागले. आणि दर महिन्याला एनआयसीयूच्या फाईलींमधून डी५०, डी६२, डी६४.९ असलेल्या सगळ्या वेगळ्या काढून हाताने वाचतो. फाईली थोड्या निघतात, एका दुपारी होतात. त्यात एखादी बरोबरही असते, म्हणून यांत्रिकपणे बदलायच्या नाहीत, वाचायच्या.

एवढं सगळं करूनही काही फाईलींत डॉक्टर प्रामाणिकपणे लिहितात : "जन्मजात ॲनिमिया, तपासण्या करूनही कारण सापडलं नाही." तिथे पी६१.४ योग्य आहे. नुसता "जन्मजात ॲनिमिया" असा मजकूर याच कोडखाली समाविष्ट आहे. ऑडिटने विचारलं तर ती ओळ दाखवा आणि कोड तसाच ठेवा.